निळा पडलेला बर्फ

एस्टोनियातल्या तार्तू शहरात, डोळ्यांच्या दवाखान्यात ट्रीनू नावाची एक आई बाळाला थोपटत बसली होती. शेजारी एक म्हातारा कॅमेरामन आणि त्याची दिग्दर्शिका बोलत होते.

“मारेत, काल नव्या डोळ्यानं आपला सिनेमा पाहिला. बर्फ निळा झालाय गं!”

“त्या निळ्याचंच तर कौतुक चाललंय, उर्मासकाका.”

“मोतीबिंदूमुळे मला सगळं पिवळं दिसायचं, म्हणून सिनेमाचे रंग ठरवताना निळा ओतत गेलो. आजच सुधारू.”

“परवा पहिला खेळ आहे! कुणाला कळणार आहे?”

“जन्मभर बर्फ तुडवलेल्यांना.”

“आणि चूक कबूल केलीत तर चाळीस वर्षांचं तुमचं नाव?”

“त्याच्या जोरावरच सांगतोय.”

“आजोबा, दुसऱ्या डोळ्याचा नंबर आला!” नर्सनं हाक मारली.

“पुढच्या आठवड्यात, बाई. आज पहिल्याला काम आहे.”

मारेत उठली. “कोट घाला. बाहेर बर्फ पडतोय, वाटेत त्याचा रंग नीट बघून घ्या.”