शांताले पोलीस भेटले

माहं माहेर भामरागडच्या अंगाचं, नदीकाठचं, आन सासर हे इथी, जंगलाच्या पोटात. घरामागूनच वाघाचा रस्ता, म्हनून आमच्या बाया मोह वेचाले कदी एकट्या जात नाई, चार-पाच जनी मिळून जातात, एक वाकली का दुसरी नजर ठेवते. ह्याले आमी सोबत म्हनतो, आन सोबत तुटली का बाई जित्तेपनी मेली, काय सांगू तुम्हाले.

माही सोबत तुटली त्याले अकरा वर्सं झाली. शेजारचं लेकरू तापानं गेलं, लोक म्हने इनंच करनी केली, मले खांबाले बांधून मारलं, हा हात पाहा, आजूनबी सरळ होत नाई. मारनाऱ्याले एक डाव इसरता येते बाई, पन दुसऱ्या दिवशी माही जाऊ, ही शांता, टोपली घेऊन माह्या दारावरून गेली आन थांबली नाई. तवापासून अकरा उन्हाळे मी एकटीनं मोह वेचला, खोकत, डब्बा वाजवत, मागं पाहात.

मंग ह्या हिवाळ्यात तेच शांतावर आलं. कोनाचा तरी बैल मेला, झालं, शांतानंच केलं म्हनून तिच्या घरावर गोटे मारले. मले वाटलं, बरं झालं, खोटं काऊन बोलू! पन तिची पोरगी शिकली हाय ना, तिनं नागपूरच्या कोर्टात अर्ज टाकला, माह्या मायचा जीव वाचवा असं सरकारले सांगा म्हने. मंग वकीलबाई माह्या घरी आली, म्हने मावशी, गावात आंधीबी असं झालं हे समजलं तरच जज धोका मानन, तुमी सांगा. शांता मागं उभी, पदर तोंडात. म्हटलं, माहा हात मोडला तवा कुठी होती वं तू? ती म्हने, भ्याली होती बाई, तुह्यासंगं दिसली असती तर मलेबी बांधलं असतं. खरं बोलली, म्हनून आनखीनच राग आला. तरी सारं सांगितलं, कागदावर आंगठा देला. एकटी बाई जंगलात कशी चालते ते मलेच ठाव, बाकी कोनाले नाई.

कोर्टानं हुकूम काढला, पोलिसायनं शांताबाईले सांभाळावं. आता दोन पोलीस तिच्या ओसरीवर बसतात, सकाळी तिच्यासंगं मोहाखाली जातात, त्यातली पोलीसबाई तर वाकून वेचूबी लागते. आंगाची लाही होते पाहून! मले अकरा वर्सं एक कुत्रं सोबत आलं नाई आन हिले सरकार आलं. तिच्या पोरीकडून मी तो हुकूम वाचून घेतला, दोनदा घेतला. शांताचं नाव पानोपानी, आन माहं म्हनाल तर, याआधी गावातील एका स्त्रीस मारहाण झाली. एक स्त्री! माह्या मोडक्या हातावर तिले पोलीस भेटले, आन मी एक स्त्री.

परवा शांतानं आवाज देला, चाल वं बाई आमच्यासंगं. म्हटलं, तुह्या नावाचे पोलीस हाय, तूच ने. ते गेले. मंग मीबी टोपली उचलली आन वीसेक पावलं सोडून मागं गेली. आता रोज तशीच जाते. नाल्यापाशी पोलीसबाई उभी राह्यते, मी दिसली का मंगच पुढं चालते.

शांता सुखी राहो, तिच्या पोरीचं भलं होवो, मी काई वाईट चिंतत नाई, जळते तेवढी जळते. पन बाई, तुमी हे लिवून राह्यल्या ना, त्यात एक बाई म्हनून लिवू नका. पारबता नाव हाय माहं.