हेन्रीकने सोडलेलं मंत्रिपद

सुनीता, मीरा, आणि कामं टाकून, ट्रॅफिकमधून इथवर आलेली तुम्ही सगळी मंडळी. सुनीता म्हणाली, "दादा, तूच बोल." मला जमेल की नाही, माहीत नाही. रडू येईल म्हणून नाही. चिडून बोलेन म्हणून. माझ्या मेव्हण्यावर, हेन्रीकवर, मी पहिल्या भेटीपासून चिडत आलोय. तो गेला, राग काही गेला नाही.

बहिणीचा नवरा. खरं तर अहोजाहो करायला हवं. ते त्यानेच बंद पाडलं. "दादा, आम्ही डेन्मार्कमध्ये पंतप्रधानांनाही अरेतुरे करतो." बाकी सगळं इंग्रजी, 'दादा' तेवढं मराठी.

तुमच्यापैकी बऱ्याच जणांना हेन्रीक म्हणजे इथल्या एडिसन गावच्या गणपतीत झांजा वाजवणारा उंच गोरा माणूस, एवढंच माहीत असेल. अहो, तो डेन्मार्कच्या संसदेत खासदार होता! आधी शाळामास्तर, मग मधल्या मार्गाच्या एका छोट्या पक्षात. तिथे बहुमत सहसा कोणालाच मिळत नाही. डाव्यांचा निरोप उजव्यांना आणि उजव्यांचा डाव्यांना, असं करत कोणीतरी मध्ये उभं राहावं लागतं. हा उभा राहायचा. दोघांशी बोलायचा आणि दोघांच्या शिव्या खायचा.

त्याच्या मतदारसंघात एक लहानसं बेट होतं. तिथे जायला एकच फेरीबोट, आणि सरकार ती बंद करायला निघालेलं. विरोधी पक्षातल्या एका बाईंना याने शब्द दिला, बोटीच्या बाजूने मत देईन. नुसता हात मिळवून दिलेला शब्द. आणि नेमका तेव्हाच सरकारकडून निरोप आला: आमच्यात ये, वाहतूक मंत्री हो, बोटीचं तेवढं सोड.

मंडळी, तुम्ही काय केलं असतं? मी त्याला कितीदा म्हटलं, "अरे, मंत्री होऊन तीच बोट वाचवता आली नसती का?"

"कदाचित आली असती. पण हात आधी मिळवला होता ना, दादा."

आता काय म्हणायचं या माणसाला?

बोट वाचली. मंत्रिपद गेलं. पक्षाने तोंड फिरवलं. पुढच्या निवडणुकीत हा पडला, आणि ऐका, त्या बेटानेसुद्धा दुसऱ्यालाच मतं दिली! का? तर बोटीसाठी चार मतं जमवताना याने बेटावरच्या शाळेचे वरचे वर्ग बंद करायला होकार दिला होता. मुलं बोटीने पलीकडच्या शाळेत जातील, म्हणाला. झालं. सगळे नाराज. यालाच म्हणतात म्हणे मधला मार्ग!

मग कोपनहेगनला पुन्हा मास्तरकी. तिथे औषध कंपनीत काम करणारी आमची सुनीता त्याला भेटली. तिची न्यू जर्सीला बदली झाली, तेव्हा तिच्यामागे हाही आला.

एका उन्हाळ्यात तो मला ते बेट दाखवायला घेऊन गेला. बोटीवर एका आजीबाईंनी त्याला ओळखलं. मला वाटलं, आता आभार मानणार. कसले आभार! शाळेवरून (हे त्यानेच मला हळूच सांगितलं) जे झापायला लागल्या, ते पलीकडचा किनारा येईपर्यंत. आणि हा त्यांची पिशवी धरून मान डोलावतोय. मला ओरडावंसं वाटत होतं, 'अहो आजी, ज्या बोटीत उभं राहून याला बोलताय ती बोट कोणामुळे आहे?' पण मला डॅनिश येत नाही, आणि ज्याला येतं तो बोलेना!

उतरल्यावर म्हटलं, "सांगितलं का नाहीस?"

"त्यांचं बरोबर होतं."

"मग तुझं चुकलं?"

"नाही. माझंही बरोबर होतं."

आता काय म्हणायचं?

इथे आल्यावर तरी ही मध्ये पडायची खोड सुटेल वाटलं होतं. कुठलं! आपल्या मराठी मंडळात भांडण: मुलांचं नाटक मराठीत की इंग्रजीत? हा मध्ये पडलाच. म्हणाला, आजी-आजोबा मराठीत बोलू देत, नातवंडं इंग्रजीत, घरात बोलतात तसं. दोन्ही गट त्याच्याशी बोलेनासे झाले. ते दोन्ही गट आज इथे बसलेत. नाटकाला पोट धरून हसलात ना सगळे? मग त्याला एकदा तसं सांगायचं होतंत.

गेल्या आठवड्यात हॉस्पिटलमध्ये मी मीराला बोटीवरचं हे सगळं सांगत होतो. तावातावाने. आजी कशी बोलली, हा कसा गप्प बसला. त्याची पोरगी शांतपणे म्हणाली, "बट मामा, शी वॉज ऑन द बोट."

मंडळी, मी आभार शोधत बसलो; याला आजी बोटीत आहेत एवढंच पुरे होतं.

त्याला काहीही विचारलं की तो आधी गप्प बसायचा. समोरच्याचं सगळं आत उतरेपर्यंत. त्या गप्प बसण्याने माझं डोकं फिरायचं. मी म्हणायचो, बोल रे बाबा काहीतरी! आज मीच तुमच्याकडे तेवढी शांतता मागतोय. उठू या. शेजारी कोण उभं आहे ते न बघता उभे राहू या.

हेन्रीक, आता मी मध्ये बोलणार नाही.