पडद्याच्या उजेडात विचारलेलं

माझे नाव व्हर्ना हॉस्टेटलर, वय २६, धंदा टायर कारखान्यात नोकरी, राहणार मेपल स्ट्रीट, अ‍ॅक्रन, ओहायो. मी जन्मापासून बहिरी आहे. सार्जंटसाहेबांनी प्रश्न लिहिले, मी खाली उत्तरे लिहिली, त्यावरून हा जबाब.

मी समक्ष हजर राहून सांगते की, आज ता. ८ मार्च १९१९ रोजी थिएटरात दुपारी तीनच्या मूकपटाच्या खेळाला मी व माझ्याच कारखान्यातला एनॉस प्रूइट, तोही बहिरा, तिसऱ्या रांगेत बसलो होतो. छोटी विनोदी प्रेमकथा होती. नायक गुडघ्यावर बसून मागणी घालतो, नायिका रडते. लोकांनी रुमाल काढले. आम्ही ओठ वाचतो. ती रडत रडत म्हणत होती, "मेल्या, माझ्या झग्यावरचा गुडघा काढ! आणि आजपण कांदा खाऊन आलास?" आम्ही हसलो. माझे हसणे फार मोठे आहे म्हणतात, मला अनुभव नाही.

तेवढ्यात एनॉसने पडद्याच्या उजेडात हातांनी विचारले, "व्हर्ना, माझ्याशी लग्न करशील?" दोन वर्षे हा माणूस माझ्याशी फक्त टायरबद्दल बोलत होता. मी उत्तराला हात उचलले आणि माझ्या हसण्यावर चिडून थिएटरचे मॅनेजर गँट्झ यांनी खेळ थांबवला. अंधारात हात दिसत नाहीत, म्हणजे आम्ही मुकेही होतो.

दिवे लागले तेव्हा गँट्झ यांनी एनॉसची कॉलर धरली होती. त्याने हात उगारला ही त्यांची तक्रार खोटी आहे. तो त्यांच्या खांद्यावरून हातांनी मला विचारत होता, "काय म्हणालीस?" त्यात त्यांची टोपी पडली. मग शिपायाने त्याला बेड्या घातल्या. बोलणाऱ्याच्या तोंडात बोळा कोंबावा तसे ते झाले. मला भयंकर राग आला, अजून आहे. मला कोठडीपाशी जाऊ देत नाहीत.

जबाब वाचून दाखवायची रीत आहे म्हणे. माझ्यापुढे ती फुकट, म्हणून मी स्वतः दोनदा वाचला. बरोबर आहे. शेवटी एक ओळ घाला व कागद एनॉसला दाखवा, असे मी लिहिले. साहेबांनी लिहिले, "बाई, त्या ओळीचा गुन्ह्याशी काय संबंध?" मी लिहिले, "साहेब, तो बिचारा उत्तरासाठीच तर हात हलवत होता." त्यांनी टाक माझ्याच हातात दिला.

एनॉस, हो.

सही
व्हर्ना हॉस्टेटलर