ईदचे शर्ट

(दमास्कस. उजाडतंय. तिसऱ्या मजल्यावरचं घर. अद्नान आणि मुनीरा, नवरा-बायको; मुलाच्या नावावरून लोक त्यांना अबू यामेन (यामेनचा बाप) आणि उम्म यामेन (यामेनची आई) म्हणतात. दाराला आतून कडी.)

अद्नान : हळू बोल, उम्म यामेन. भिंतीपलीकडे उम्म सलीम आहे.

मुनीरा : उम्म सलीम केव्हाची बाल्कनीत उभी राहून ओरडतेय, 'राष्ट्राध्यक्ष पळाला, पळाला' म्हणून. आणि मी माझ्या घरात हळू बोलू?

अद्नान : असंच करतात ते सरकारचे हेर. एकाला ओरडायला लावायचं आणि कोण कोण 'हो' म्हणतंय ते बघत बसायचं. सुब्ही मिठाईवाला विसरलीस? कुणीतरी आवई उठवली, राष्ट्राध्यक्ष मरणाला टेकलेत. यानं परातभर मिठाई वाटली. संध्याकाळी दुकानाला कुलूप, ते आजतागायत.

मुनीरा : ती अफवा होती. आज टीव्हीवर सांगतायत.

अद्नान : टीव्ही कुणाचा? त्यांचाच ना?

मुनीरा : अहो, विमानात बसून गेला तो माणूस! तेरा वर्षं लढाई केली, अर्धा देश जमीनदोस्त केला, आणि जाताना साधं 'येतो' म्हणाला नाही. पाहुणासुद्धा कॉफीचा कप खाली ठेवून उठतो.

अद्नान : खिडकी लाव आधी.

मुनीरा : नाही लावणार. फिरासचा फोन आला होता. तुमच्या सख्ख्या बहिणीचा मुलगा, तो कशाला खोटं बोलेल? डोंगरावरच्या तुरुंगाची दारं फोडतायत म्हणाला. गाडी घेऊन निघालाय तो. मी बॅग भरतेय. यामेन बाहेर आला तर त्याच्या अंगावर घालायला काही नको?

अद्नान : यामेन जर्मनीत आहे.

मुनीरा : माझ्यासमोरसुद्धा?

अद्नान : जिभेला तेच वळण पडलंय गं. बारा वर्षं सगळ्यांना हेच सांगतोय. शेजारी, ऑफिस, वाणी, न्हावी. कधीकधी पहाटे जाग आली की मलाच वाटतं, तिकडे थंडी असेल, स्वेटर घालतोय की नाही कोण जाणे.

मुनीरा : बघा, कुठला घेऊ? हा पांढरा पहिल्या ईदचा. हा चौकटीचा. हा करडा. दर ईदला एक घेतला, दर वेळी अंदाजानं थोडा मोठा. न्यायला आले तेव्हा सतराचा होता. कुठवर वाढला असेल, सांगा ना.

अद्नान : मला नको विचारू. मला त्या कपाटाकडे बघवत नाही.

मुनीरा : दार वाजतंय. फिरास आला!

अद्नान : थांब! फिरास असा हळू वाजवतो? तो तर लाथा घालतो. मागे हो तू. कोण आहे?

शिपाई : काका, उघडा. दोन मिनिटं फक्त.

अद्नान : गणवेश दिसतोय दाराच्या छिद्रातून. मुनीरा, बघ, सांगत होतो ना? आले. ते शर्ट कपाटात टाक. पटकन! (मोठ्यानं) राष्ट्राध्यक्ष चिरायू होवोत! या साहेब, या. फोटो भिंतीवर आहे बघा, काल पुसलाय. ओरडत होती ती शेजारीण. आम्ही शब्द काढलेला नाही.

शिपाई : काका, ते गेले.

अद्नान : कुठे जातील? ते आमच्या काळजात आहेत.

शिपाई : अल्लाशपथ, विमानानं गेले. आमचा कर्नलपण गेला. जीपमध्येच त्यानं ड्रायव्हरचा ट्रॅकसूट अंगात घातला, आणि आम्हाला म्हणाला, जागा सोडू नका. आम्ही नाही सोडली. उजाडलं तर तपासणी नाक्यावर मी आणि एक कुत्रा.

अद्नान : छान. नाटक छान बसवलंय. पुढचं बोला.

शिपाई : शर्ट-पँट द्या. जुनी चालेल, फाटकी चालेल. खाली चौकात बंदुका घेऊन पोरं उभी आहेत. मला या कपड्यांत बघितलं तर...

मुनीरा : आत ये आणि दार लाव. नाव काय तुझं?

शिपाई : जाबेर. सलमिया गावचा आहे मी, मावशी. सक्तीनं भरती झालो. दोन वर्षांत सोडतो म्हणाले, दहा झाली. घरचं ओळखपत्र तेव्हाच काढून घेतलं. हे सैन्याचं कार्ड आहे, एवढाच मी.

अद्नान : बाळा, आमच्याकडे तुझ्या मापाचं काही नाही. मुलगा जर्मनीत आहे, कपडे घेऊन गेला सगळे. माझी पँट तुला गुडघ्यापर्यंत येईल. बघ माझ्याकडे, मला नोकरीत सगळे चमचा म्हणायचे, ते उंचीमुळे, कामामुळे नाही.

शिपाई : कपाटाबाहेर बाही लोंबतेय, काका.

मुनीरा : ते तुला नाहीत.

शिपाई : एकच द्या, मावशी.

मुनीरा : तुला नाहीत म्हटलं ना! याच गणवेशातली चार माणसं आली होती या दारात. पायात असेच बूट. पोरगा जेवत होता माझा. म्हणाले, पाच मिनिटांत आणून सोडतो. मी ताटावर ताट झाकून ठेवलं, गार होऊ नये म्हणून. तो आज येईल. आज दारं उघडली आहेत. आणि मी त्याचे कपडे तुला देऊ?

अद्नान : मुनीरा! काय बोलतेस तू हे? साहेब, ती बरी नसते. गोळ्या चालू आहेत.

मुनीरा : गोळ्या तुमच्या चालू आहेत.

शिपाई : मावशी, मी कुणाच्या घरात शिरलो नाही कधी. मी रोट्यांच्या गाडीवर होतो.

मुनीरा : कसल्या रोट्या?

शिपाई : सैन्याच्या भट्टीवरनं भरायच्या आणि पोचवायच्या. छावण्यांवर, इस्पितळात, वर डोंगरावर. नाक्यावर या महिन्यातच टाकलं, माणसं उरली नव्हती म्हणून.

मुनीरा : डोंगरावर म्हणजे? तुरुंगात?

शिपाई : फाटकापर्यंत फक्त. क्रेट तिथंच उतरवायचे. आत नाही गेलो, अल्लाशपथ.

मुनीरा : माणसं दिसायची?

शिपाई : नाही.

मुनीरा : आवाज?

शिपाई : वारा असतो तिथं खूप.

मुनीरा : रोट्या गरम असायच्या?

शिपाई : भट्टीवर गरम. वर जाईपर्यंत गार. पण मी ताडपत्री घालायचो, मावशी. पावसात भिजू नाही दिल्या कधी.

मुनीरा : देव तुझं भलं करो. पुरायच्या सगळ्यांना?

शिपाई : मी लागलो तेव्हा गाडी गच्च भरून जायची. मग अर्धी जायला लागली. यंदा नुसता मागचा एक कोपरा.

अद्नान : पुरे. बाळा, पुरे झालं. पाणी पी.

मुनीरा : थांबा हो, बोलू द्या त्याला. कोपरा म्हणजे? माणसं तर तेवढीच ना? एकालाही सोडलं नाही त्यांनी. सोडलं असतं तर आपल्याला कळलं असतं. मग रोट्या कमी का? एकेकाला कमी द्यायला लागले?

अद्नान : मुनीरा...

मुनीरा : मी त्याला विचारतेय. कमी द्यायला लागले का रे?

शिपाई : काका, मी...

अद्नान : सांग तिला. काय ते सांग. हो म्हण.

शिपाई : हो, मावशी. कमी द्यायला लागले.

मुनीरा : मग बरोबर. महागाईच तशी आहे. बाहेर कुणाला मिळतंय पोटभर? वय काय तुझं?

शिपाई : एकोणतीस.

मुनीरा : यामेनपण एकोणतिसाचा. उभा राहा नीट. तो कोट काढ. पाठ कर इकडे. हा करडा घाल बघू.

शिपाई : खांद्यात होत नाही.

मुनीरा : नाही ना? म्हणजे मी खांदे लहानच धरत आले. दुकानदार म्हणायचा, बाई, एक माप वरचं घ्या, तर मी म्हणायचे, माझा मुलगा मला ठाऊक. हा निळा घाल, शेवटच्या ईदचा. हात वर कर. बघा हो, बसला. काय छान बसलाय!

अद्नान : अगं, तो यामेनचा आहे. राहू दे.

मुनीरा : यामेन जर्मनीत आहे ना? तुम्हीच म्हणता.

अद्नान : असं नको गं बोलूस.

मुनीरा : त्याची पँटपण आहे, काळी. कंबरेला दोरी बांध. आणि बूट काढ. नुसत्या बुटांवरनं ओळखतील तुला. यांच्या सपाता घाल.

शिपाई : टाचा बाहेर येतायत.

अद्नान : सांगितलं ना, मी चमचा आहे म्हणून. जा आता. जिन्यात पळू नको, पळणारा माणूस लगेच नजरेत येतो. हात खिशात घाल, पाव आणायला चालल्यासारखा जा.

शिपाई : मावशी, काय बोलू मी...

मुनीरा : काही बोलू नको. आईला फोन कर. जिवंत आहेस एवढंच सांग, बाकी तिला काही नको असतं. जा.

अद्नान : कडी लाव. हा गणवेश शेगडीत घाल, नाहीतर आपणच अडकू.

मुनीरा : तुम्ही घाला. मी बाल्कनीतून बघते. निघाला बघा बाहेर. हात खिशात आहेत. चांगला चालतोय. अगंबाई!

अद्नान : काय झालं?

मुनीरा : पोरांनी अडवलं. कार्ड मागतायत वाटतं. अहो, एकानं कॉलर धरली. शर्ट फाडतील! अहो, काहीतरी करा!

अद्नान : मी काय करू? मी कोण आहे? माझं आयुष्यात कुणी ऐकलंय?

मुनीरा : त्या दिवशीही तुम्ही हेच म्हणालात. हेच, याच जागी उभे राहून.

अद्नान : बाजूला हो. ए! ए पोरांनो! सोडा त्याला! माझा मुलगा आहे तो! हो, हो, माझाच! अबू यामेन, तिसरा मजला! कॉलर सोड म्हणतो ना!

मुनीरा : काय म्हणतायत ते?

अद्नान : वाण्याचा मुलगा आहे त्यांच्यात. तो विचारतोय, तुमचा तर जर्मनीत होता ना? हो रे बाबा, होता जर्मनीत! आज सकाळी आला! काय? विमानानं नाही, लेबनॉनच्या रस्त्यानं आला! ओळखपत्र बॅगेत आहे, बॅग माझ्याकडे! पाव आणायला पाठवलंय त्याला, भूक लागलीय आम्हाला!

मुनीरा : सोडला?

अद्नान : सोडला. मिठी मारतायत त्याला. 'सुखरूप आलास, देवाची कृपा' म्हणतायत.

मुनीरा : त्यानं वर बघितलं?

अद्नान : बघितलं. हात केला. गेला कोपऱ्यावरनं.

मुनीरा : हे कोण ओरडतंय आता?

अद्नान : उम्म सलीम. ऐकलं सगळं तिनं. 'यामेन आला, यामेन आला' म्हणून जिन्यात टाळ्या पिटतेय. समोरच्या बायकापण आल्या बाल्कनीत. स्वागताला वरून तांदूळ उधळतायत.

मुनीरा : तांदूळ? पोराला बघितलंसुद्धा नाही यांनी.

अद्नान : दार वाजवतायत. काय सांगू त्यांना? मुनीरा, मी काय सांगू आता त्यांना?

मुनीरा : दमलाय, झोपलाय म्हणून सांगा.

अद्नान : मला नाही जमायचं.

मुनीरा : बारा वर्षं जमलं.

अद्नान : तेव्हा येईल असं वाटत होतं गं. तो रोट्यांचं काय म्हणाला ते कळलं ना तुला? गाडीचा एक कोपरा.

मुनीरा : फिरासचा हॉर्न वाजतोय खाली. बॅग राहिलीय माझी.

अद्नान : ऐकतेस का? वर जाऊन काही... आपण न गेलेलं बरं. तिथं गर्दी असेल, धक्काबुक्की. फिरास बघून येईल आणि सांगेल आपल्याला.

मुनीरा : तुम्ही बसा घरी. मी चालले.

अद्नान : थांब, येतो मी. एकटी कशी जाशील? सपाता तर मी देऊन टाकल्या. बूट कुठे आहेत माझे? आणि हे काय भरलंस बॅगेत? हा पांढरा तर पहिल्या ईदचा आहे. सतराव्या वर्षाचं माप.

मुनीरा : रोट्या कमी होत्या म्हणाला ना तो. हाच होईल.