वेशीतला दिवा

बसा मंडळी, पुढे सरकून बसा. तबलजी, हात आवरा थोडा. आज मी तुम्हाला एकच प्रश्न विचारणार आहे. लढाई कधी सुरू होते, ते सगळ्यांना कळतं. नगारा वाजतो, निशाण निघतं, लोक ओरडतात. पण लढाई संपली कधी, हे कोणी ठरवायचं? राजाने? शत्रूने? की जो परत येत नाही त्याच्या आईने?

आता आख्यान ऐका.

कर्दळगड नावाचं एक राज्य होतं. राजा सूरपाळ. माणूस वाईट नव्हता हो! देवळात जायचा, दानधर्म करायचा. या राज्यात लढाईची एक जुनी रीत होती. फौज निघायच्या दिवशी राजाने पायी वेशीत यायचं. तिथे निरांजन घेऊन एक बाई उभी असायची. कोण बाई? मागच्या लढाईत जिचा मुलगा गेला, ती. त्या दिवसापुरतं राजाने तिला आई म्हणायचं आणि तिने राजाला एकेरी हाक मारायची. ती विचारणार, "कशासाठी निघालास?" राजाने कारण सांगायचं. तिला पटलं तर तिने दिवा लावायचा, राजाला ओवाळायचं, आणि मगच नगाऱ्यावर टिपरी पडायची. फौज परत येईपर्यंत दिव्यात तेल घालायचं कामही तिचंच.

लावीन दिवा राजा, कारण सांग मला।
कारण सरता राजा, विझवीन दिव्याला॥

रीत चांगली होती ना? पण रितीचं काय होतं, तुम्हाला माहीत आहे. लग्नात भटजी "सावधान" म्हणतात. कोण सावध होतो? सगळ्यांचं लक्ष पंगतीकडे! तसंच झालं. राजा काहीतरी पुटपुटायचा, बाई "बरं बाळा" म्हणायची, आणि नगारा सुरू.

यंदा वेशीत उभी होती बयजा. गवळ्याघरची बाई. दोन मुलगे. थोरला कान्हू मागच्या लढाईत गेला. धाकटा सटवा. तो फौजेत नगारा वाजवायचा, आणि नगारा नेहमी फौजेच्या पुढे असतो. म्हणजे पहिला बाण कोणाला, ते सांगायला नको.

राजा आला. मागे प्रधान देमाजी. बयजेने विचारलं, कशासाठी निघालास? राजाने घसा साफ केला. म्हणाला, शेजारच्या नीरथडीच्या लोकांनी आपल्या वाघजाईचा मुखवटा पळवला. देवीचा अपमान झाला. आता गप्प बसणं हे पाप आहे.

लोक खवळले. मुठी वळल्या, आरोळ्या उठल्या. पण मंडळी, गंमत ऐका. ही वाघजाई दोन्ही राज्यांच्या शिवेवर, खिंडीच्या तोंडाशी. दोन्हीकडचे लोक तिला भजायचे. जत्रेआधी तिचा पितळी मुखवटा उजळायला न्यायचा, एक वर्ष यांनी, एक वर्ष त्यांनी. आणि यंदा पाळी होती नीरथडीची! वेशीत उभ्या असलेल्या प्रत्येकाला ते ठाऊक होतं. ज्याने सर्वांत मोठी आरोळी ठोकली, त्याने गेल्या वर्षी स्वतः चिंच लावून तो मुखवटा घासला होता. बोलला का तो? नाही बोलला. नगारा समोर असला की माणसाला आठवत नाही, फक्त ऐकू येतं.

बयजा मात्र ओरडली नाही. तिने वात तेलात भिजवली. पण पेटवली नाही.

म्हणाली, "आणि मुखवटा उजळून परत आला तर?"

प्रधान मधेच म्हणाला की बाईंनी दिवा लावावा, मुहूर्त टळतो आहे. बयजेने त्याच्याकडे बघितलंसुद्धा नाही.

"राजा, मागच्या खेपेला तू म्हणालास, त्यांनी आपली गुरं हाकून नेली. त्यात माझी कपिली होती. फौज शिवेवर पोचायच्या आत त्यांनी गुरं परत पाठवली. तू थांबला नाहीस. अद्दल घडवायची म्हणालास. गुरं घरी आली. कान्हू नाही आला. त्याच्या तेराव्याला खीर केली, ती कपिलीच्या दुधाची."

बयजेने न पेटवलेलं निरांजन राजासमोर धरलं.

"म्हणून विचारते. मुखवटा मिळाला की परत फिरशील?"

आता राजा काय म्हणणार? नाही म्हणाला, तर देवीचं नाव कशाला घेतलं? तो म्हणाला, "मुखवटा आला की फौज परत. हा शब्द." बयजेने दिवा लावला. सटवाने नगारा वाजवला.

फौज निघाली. आणि बयजाही! दिवा वेशीच्या कोनाड्यात ठेवायचा असतो. पण ही म्हणाली, वेशीत वारा फार आहे. टोपलीत दिवा, वर फुटक्या मडक्याचा आडोसा, आणि बाई फौजेच्या मागे चालायला लागली. शिपाई हसले. सटवाला चिडवलं, "तुझी आई तुला झोपवायला येतेय रे!"

वाघजाईच्या देवळापाशी तळ पडला. समोर खिंड. दुसऱ्या दिवशी, ऊन चढलेलं असताना, खिंडीतून वाजंत्री ऐकू आली. शिपायांनी भाले उचलले. बघतात तर नीरथडीचा पुजारी! डोक्यावर पाटी, पाटीत मुखवटा. असा उजळलेला, की डोळे दिपावेत. समोर एवढी फौज बघून पुजारी बिचारा घाबरला. त्याला वाटलं, यंदा उशीर झाला म्हणून माणसं रागावली!

हसा, हसा. पण पुढे ऐका.

प्रधान पुढे झाला. मुखवटा उलटसुलट करून बघितला. म्हणाला, "महाराज, नाकावर ओरखडा आहे. हा दुसरा अपमान." आणि सटवाला हुकूम केला, नगारा वाजव.

असं असतं बघा! पहिलं कारण संपलं की दुसरं तयार असतं. कारणांची कधी टंचाई पडली आहे का? पाऊस पडत नाही, पीक येत नाही, कारणं मात्र बारमाही.

बयजा देवळाच्या पायरीवर आली. टोपलीतून दिवा काढला. सगळ्या फौजेसमोर पदराने विझवला.

प्रधान ओरडला, पेटव तो दिवा! बयजा म्हणाली, "लावते की. हा मुखवट्याचा होता, तो आला. ओरखड्याचा वेगळा लावावा लागेल. चला वेशीत. तिथे सगळ्यांसमोर सांगा, ओरखड्यासाठी कोणाचा मुलगा हवा आहे."

प्रधानाने सटवाकडे बोट केलं. वाजव, नाहीतर मान जाईल. सटवाने आईकडे बघितलं. आईने मान हलवली नाही, डोळ्यांनीही काही सांगितलं नाही. आपल्या मुलाला मरायला सांगणारी आई कुठे असते? त्याने विझलेल्या दिव्याकडे बघितलं. टिपऱ्या कमरेला खोचल्या आणि हात जोडून उभा राहिला.

प्रधानाचा हात तलवारीवर गेला. राजाने तो हात धरला. पायरीपाशी आला आणि हळूच म्हणाला, "आई, खिंड हवी आहे मला. कोकणातलं मीठ इथून येतं. खिंड ज्याची, मीठ त्याचं."

"मग हे वेशीत का नाही बोललास?"

"बोललो असतो तर कोण आलं असतं?"

बयजेने विझलेला दिवा टोपलीत ठेवला. राजाने आपलाच प्रश्न ऐकला, समोरची फौज बघितली, आणि निशाण उतरवायला सांगितलं. बयजा टोपली उचलून पुढे निघाली. नगारा पाठीवर घेऊन सटवा तिच्या मागे.

आता तुम्ही म्हणाल, बुवा लढूच नका म्हणतात. मी तसं म्हणत नाही. शत्रू वेशीत आला असता तर याच बयजेने सटवाच्या हातात स्वतः भाला दिला असता, आणि त्याला दिव्याची वाट बघू दिली नसती. ते कारण सांगावं लागत नाही, ते दारात दिसतं. जे कारण सांगावं लागतं, ते ऐकून घ्यायचं. नीट ऐकून घ्यायचं.

मला तर त्या राजाचा राग येत नाही मंडळी. प्रधानाचाही फार नाही, त्याचं ते कामच. मला राग येतो त्या चिंच लावून मुखवटा घासणाऱ्याचा. त्याला पाळी कोणाची ते माहीत होतं. तो तुमच्या-माझ्यासारखा होता. देवाला मानणारा, कीर्तनाला येणारा. कदाचित इथेच बसला असेल, त्या खांबाला टेकून.

उद्या कुठेतरी नगारा वाजेल. कारण सांगितलं जाईल, आणि ते फार चांगलं असेल, डोळ्यांत पाणी आणणारं असेल. तेव्हा मुठी वळायच्या आधी वात हातात धरा आणि बयजेचा प्रश्न विचारा: हे मिळालं की परत फिरणार ना? उत्तर येईपर्यंत दिवा लावू नका. आणि कारण संपलं, तर तो विझवायलाही तुम्हीच जायचं आहे, तिथपर्यंत चालत.

लावीन दिवा राजा, कारण सांग मला।
कारण सरता राजा, विझवीन दिव्याला॥

म्हणा माझ्याबरोबर. मोठ्याने म्हणा, वेशीपर्यंत ऐकू जाऊ दे.