रिक्षा विकून दिलेले दोन लाख

सांगलीहून आष्ट्याला निघालेल्या एसटीत संयोगिताच्या मागच्या सीटवर दोघी बसल्या होत्या. कोर्टातून आलेली दिलशाद आणि तिची शेजारीण चंद्राबाई. संयोगितानं मोबाईल पर्समध्ये टाकला आणि मान न वळवता ऐकू लागली.

"जिंकलो, मावशी. चेक वटला न्हाई त्या केशीत जयराजला दोषी धरलं. सगळं पैसं दोन म्हैन्यात भरायचं."

"पर त्यो तर म्हणत हुता, चेक नुसता तारण म्हणून दिला हुता, पैसं घेतलंच न्हाईत."

"व्हय. त्याच्या वकिलानं इचारलं, कपडं शिवणाऱ्या बाईकडं रोख दोन लाख आलं कुठनं?"

"मग?"

"आमचं मालक वारल्यावर त्यांची रिक्षा इकली, त्याचा कागद दाखवला. तर त्यो वकील म्हणला, इकली आसल, पर पैसं जयराजला दिलं कशावरनं? मग आमच्या वकिलानं रिक्षा घेणाऱ्या अजमलभाईंना उभं केलं."

"चार वरसामागचं त्येंच्या ध्यानात हुतं?"

"समद्यांम्होरं म्हणलं, 'साहेब, मी रिक्षा न्हेताना ही बाई हँडलला हात लावून रडत हुती. तवाच जयराज आला, लेकीच्या ऑपरेशनला पैसं मागायला. हिनं डोळं पुसलं आन मी दिलेली पैशाची पिशवी तशीच त्याच्या हातात ठेवली. असं कोण इसरल?'"

"आन जयराज?"

"खाली मान घालून उभा हुता."

"लेक बरी हाय न्हवं त्याची?"

"बरी हाय की. औंदा तिचा शाळंचा ड्रेस मीच शिवला."