अर्ध्या चुकीचा आंगठा

माझं माहेर कर्जतकडलं, आईबाप दुसऱ्याच्या रानात खुरपायला जायचे, मी बी जायची, सातवीपतूर शाळा झाली आन मग सुप्याच्या अलीकडं एका गावात मला दिली. आमची जयभीमवाल्यांची पंधरा घरं, मधी विहार. मालक फॅक्टरीत ठेकेदाराकडं हुते, पॅकिंगला. लई सरळ मानूस, काय सांगू तुमाला, हायवेनं चालायचे तर पांढऱ्या पट्ट्याच्या भाईर, मातीतनं. मी हसायची, म्हनायची बूट खराब हुत्यात की, तर म्हनायचे, बूट धुता येत्यात.

त्या दिवशी पहिली पाळी सुटून दुपारचे घरी येत हुते आन मागनं टँकर आला. मी कांदे काढत हुते, गावातला एक जन गाडीवर आला, म्हनला वैनी चला, कशाला ते सांगीना, मी तशीच मातीच्या हातानं मागं बसले. गेले तर मालक मातीत पडलेले. पट्ट्याच्या भाईर, ताई, मी ह्या डोळ्यांनी बघितलं. पन पंचनाम्यात लिव्हलं का मयत रस्ता क्रॉस करत हुता. कुनी सांगितलं, का लिव्हलं, मला काय म्हाईत, मी त्या दिवशी कागद बघनार हुते का.

भरपाईची केस केली आमी तिघींनी, मी, माझी पोरगी प्रज्ञा आन सासू. सासूला मी आत्याबाई म्हनते, त्यांचा एकुलता एक लेक हो त्यो. चार वर्सं नगरच्या कोर्टात नुसत्या तारखा. एक रोज बुडवायचा, एसटीनं जायचं, दुपारपतूर बसायचं आन पुढची तारीख घेऊन यायचं. तेवढ्यात पोरगी बारावी झाली, नर्सिंगला नंबर लागला, कॉलेज म्हनलं फीसाठी दोन म्हैने थांबतो, मग जागा दुसऱ्याला. मी कुनाकुनाच्या दारात गेले ते नका इचारू.

तवा वकील म्हनले, लोकअदालत हाय, तडजोड करा. टँकरची इमा कंपनी म्हनती अर्धी चूक मयताची, तेवढं मान्य केलं तर अर्धे पैसे म्हैनाभरात, न्हाईतर साक्षीदार न्हाई, केस कवर चालंल सांगता येत न्हाई. मी म्हनले मयताची मंजी कुनाची? त्ये खाली बघून म्हनले, तुमच्या मालकांची.

मी व्हय म्हनले. पन आत्याबाईंचा आंगठा लागत हुता. वकिलांनी कागद वाचून दाखवला तशा त्या उठल्या, म्हनल्या माझ्या पोराची चूक लिव्हली तिथं मी आंगठा देनार न्हाई, आन तरातरा भाईर गेल्या. मी मागं पळाले. झेरॉक्सवाल्याच्या टेबलापाशी, समद्या लोकांम्होरं, त्यांचे पाय धरले. म्हनले आत्याबाई, मेलेल्याला काय कळत न्हाई, जित्या पोरीकडं बघा. आसं बोलले ताई मी, माझ्याच तोंडानं. त्या म्हनल्या, त्याला न्हाई कळत, पन तुला कळतंय ना?

मी म्हनले, कळतंय.

मग आपल्या पायानं परत आत आल्या, तोंड भिंतीकडं केलं आन हात म्होरं केला. शाई तिथल्या कारकुनानं लावली. त्याच्या खाली मी सही केली, पोरीला अजून अठरा पुरी न्हवती, तिच्या वाटची बी मीच केली.

पैसे आले, फी भरली. प्रज्ञा आता नगरला होस्टेलात हाय, दुसरं वरीस चालू हाय. आत्याबाई घरातच हायेत, मी वाढलेलं जेवत्यात, पन माझ्याशी बोलत न्हाईत. दिवसभर विहाराच्या पायरीवर बसत्यात, कुनी दिसलं का त्याचा हात धरून सांगत्यात, माझा लेक साईडनं चालला हुता रं. लोक व्हय व्हय म्हनत्यात आन हात सोडवून घेत्यात. मी लांबूनच ऐकते. मला म्हनायचं असतं, व्हय आत्याबाई, साईडनंच, पन कुठल्या तोंडानं म्हनू?

पोरीला अजून ठावं न्हाई आमी काय लिहून दिलं ते. तिचा फोन आला का इचारती, आज्जी तुझ्याशी का गं बोलत न्हाई? मी म्हनते, त्यांना आताशा कमी ऐकू येतंय. शिकू दे बिचारीला, भलं होऊ दे तिचं. माझं काय, सही माझी हाय, ती मला कुठं पुसता येती.